प्रलयातील पेटी आणि कणसरीची थाळी

१९२८ च्या सत्याग्रहामुळे सर्वपरिचित झालेल्या बारडोलीच्या परिसरात चौधरी, गामीत, हळपती आदी आदिवासी समाज पिढ्यान्‌पिढ्या राहत आले असून, त्यांपैकी चौधरी व गामीत यांच्या बोली भिली भाषासमूहात मोडत असल्यामुळे भिलांच्या सृष्टिकथेचा, म्हणजे जग व माणूस कसे उत्पन्न झाले हे सांगणाऱ्या कथेचा, विचार येथून सुरू करता येतो.

मानववंशशास्त्रज्ञ जेम्स फ्रेझर यांनी १९१८ च्या ग्रंथात दिलेल्या भिल कथेत, माशांना नित्य खाऊ घालणाऱ्या एका सत्पुरुषाला मासा जलप्रलयाची आगाऊ सूचना देतो. तो सत्पुरुष बहीण व कोंबडा यांच्यासह मोठ्या पेटीत बसतो आणि पुढे कोंबड्याच्या आरवण्यामुळे रामाच्या दूताला पेटीचा ठाव लागतो. रामाने त्याला उत्तर, पूर्व व पश्चिमेकडे तोंड करायला लावले असता तो सोबतच्या स्त्रीला बहीण म्हणतो, दक्षिणेकडे वळवताच मात्र पत्नी म्हणतो, आणि त्या दोघांपासून मानववंश पुन्हा वाढतो. गुपित फोडल्याबद्दल माशाची जीभ तेवढी कायमची जाते.

वरवर पाहता ही कथा संस्कृत ग्रंथांतील प्रलयकथेची नक्कल वाटते, पण तिचे एकेक कथाबीज, म्हणजे कथेतून वेगळा काढता येणारा लहान घटक, तपासले की चित्र बदलते. इशारा देणारा मासा शतपथ ब्राह्मणातील मनूच्या कथेत आहे, पण मेसोपोटेमियातील गिल्गमेशच्या महाकाव्यात नाही, तेथे एआ हा देव बोरूच्या भिंतीला उद्देशून बोलतो. उलट प्रलयानंतरची भावाबहिणीची जोडी मनूच्या कथेत नाही, ती दक्षिण चीन व आग्नेय आशियात वारंवार आढळते. त्यामुळे भिलांनी ही कथा संस्कृत ग्रंथांतून जशीच्या तशी उचलली, असे म्हणणे उतावीळपणाचे आहे.

शिवाय अशा कथा केवळ छापील शब्दांत मावत नाहीत: दक्षिण गुजरातच्या डोंगरपट्ट्यात कोकणा या आदिवासी समाजाचे कथेकरी धान्यदेवता कणसरीची कथा थाळीवर गातात. थाळीच्या मध्यभागी मेण लावून त्यात काडी उभी रोवतात आणि तिच्यावरून बोटे खाली ओढतात. बोटांची पकड क्षणोक्षणी धरते-सुटते, त्यातून उठलेली कंपने मेणावाटे थाळीत उतरतात आणि रुंद पत्रा अधिक हवा हलवत असल्याने अखंड गुंजन ऐकू येते. फ्रेझर यांच्या इंग्रजी सारांशात असा स्वर नाही, गाणाऱ्याची बोलीही नाही. म्हणून विद्यापीठांनी या कथा त्यांच्या मूळ बोलीत, वाद्यासह आणि प्रत्येक पाठभेद स्वतंत्र ठेवून ध्वनिमुद्रित कराव्यात, आणि हे काम जाणते कथेकरी हयात आहेत तोवरच हाती घ्यावे.