पाठीवरचा वळ आणि मनावरचा वळ

आमच्या महाड-पोलादपूरकडे पुष्कळ घरांतला कर्ता माणूस मुंबईला असतो. घर, शेत, गुरे, म्हातारी माणसे, सारे एकट्या बाईवर पडते. लावणीच्या दिवसांत ती चिखलात राबून थकते. मूल रडले की धपाटा बसतो. कधी दिवस दिवस त्याच्याशी कोणी बोलतच नाही.

पाठीवरचा वळ चार दिवसांत जातो. मनावरचा राहतो. रोज मार खाणारे मूल भेदरते. शाळेत त्याचे लक्ष लागत नाही. १९९८ साली अमेरिकेतल्या डॉक्टरांनी ९,५०० हून जास्त मोठ्या माणसांची माहिती छापली. ज्यांचे लहानपणी फार हाल झाले, त्यांच्यात व्यसन, उदासपणा आणि हृदयाचे रोग जास्त आढळले.

मग दोष एकट्या आईचा का? तिला विसावा आपण कोणी दिला? तिचा भार नवऱ्याने, सासूने, शेजारणीने वाटून घ्यावा. हात उगारला गेलाच, तर आईने मुलाला मागाहून जवळ घ्यावे, चुकले म्हणावे. त्यात कमीपणा नाही. मायेचे एक माणूस पाठीशी असले, तरी मूल सावरते.

मुलाचा छळ होताना दिसला तर गप्प बसू नये. १०९८ नंबरावर फोन करावा. त्याला पैसे पडत नाहीत.