भोपाळी पाहुणचार

भोपाळच्या महाराणा प्रताप नगरात ‘प्रेस कॉम्प्लेक्स’ आहे. १९८०च्या दशकाच्या सुरुवातीला तिथले भूखंड सवलतीच्या दरात वृत्तपत्रांना भाडेपट्ट्यानं दिले गेले. छापखाना घाला आणि पेपर काढा, असा हिशोब होता. पुढे काही भूखंडांवर छापखान्यापेक्षा दुकानंच जास्त चालली. ‘नॅशनल हेरल्ड’ची जागा त्यात सगळ्यात गाजली, कारण तिच्यामागे दिल्लीचं राजकारण होतं. बाकीच्यांबद्दल फार कुणी बोलत नाही. बोलणार कोण? बोलायची जागा म्हणजे पेपर, आणि पेपर त्याच जमिनीवर उभा.

पुण्यात सेनापती बापट रस्त्यालगत पत्रकारनगर आहे, मुंबईत वांद्र्यालाही आहे, तेव्हा नाक मुरडण्याचा हक्क आपल्याला नाही. तरीही राज्यकर्त्यांनी पत्रकारांना कसं सांभाळावं, याचा संपूर्ण अभ्यासक्रम एकाच गावात पाहायचा असेल तर भोपाळला जावं. मुंबईत पेपरला जाहिरात द्यायला साबणवाले असतात, बँका असतात, बिल्डर असतात. भोपाळ १ नोव्हेंबर १९५६ला नव्या मध्य प्रदेशाची राजधानी झालं, तेव्हा हे मूळचं नवाबी संस्थानाचं गाव. बाजार लहान, उद्योग मोजके. अशा गावात सगळ्यात मोठा जाहिरातदार, सगळ्यात मोठा घरमालक आणि बातमीचा सगळ्यात मोठा उगम एकच असतो, तो म्हणजे सरकार. त्याच्याशी भांडून पेपर चालवणं शक्य असतं, पण महागात पडतं.

गंमत अशी की या प्रदेशातले पहिल्या पिढीचे पुढारी स्वतःच पेपरवाले होते. पहिले मुख्यमंत्री रविशंकर शुक्ल यांनी ‘महाकोशल’ काढला होता. १९६३ ते ६७ मुख्यमंत्री राहिलेले द्वारकाप्रसाद मिश्र यांनी जबलपुरात ‘लोकमत’ आणि ‘सारथी’ चालवले. त्यांच्याही आधी आपले माधवराव सप्रे. दमोह जिल्ह्यातल्या पथरियाचा हा मराठी माणूस ‘छत्तीसगढ मित्र’ काढतो, टिळकांचा ‘केसरी’ हिंदीत आणतो आणि त्यापायी १९०८ मध्ये तुरुंगात जातो. आज भोपाळमध्ये जुन्या वृत्तपत्रांचं जे मोठं संग्रहालय आहे, त्याला सप्र्यांचंच नाव आहे. १९८४ मध्ये विजयदत्त श्रीधर यांनी ते उभं केलं. त्या काळात पुढारी आणि संपादक ही दोन माणसं नसत, त्यामुळे संबंध ‘सांभाळण्याचा’ प्रश्नच नव्हता. आपल्याकडे आचार्य अत्र्यांचा ‘मराठा’ किंवा पुढे ‘सामना’ हे त्याच जातकुळीतले.

रविशंकर शुक्लांचे चिरंजीव विद्याचरण मात्र पेपर काढण्यापेक्षा पेपर गप्प करण्यासाठी लक्षात राहिले. जून १९७५ मध्ये आणीबाणी आली, इंद्रकुमार गुजराल यांना माहिती आणि नभोवाणी खात्यातून हलवलं गेलं आणि त्या खुर्चीत शुक्ल बसले. सेन्सॉर आला, चार वृत्तसंस्था मोडून एक ‘समाचार’ झाली, आणि सरकारी कार्यक्रमाला गायला नकार दिला म्हणून किशोरकुमारची गाणी आकाशवाणीवरून गायब झाली. किशोरकुमार खांडव्याचा, म्हणजे शुक्लांच्याच राज्यातला. बाप संपादक आणि मुलगा सेन्सॉर, हा प्रवास एका घराण्यात जेमतेम चाळीस वर्षांत झाला. पण दांडका उगारून बातमी मारता येते, पेपरवाल्याला आपलंसं करता येत नाही, एवढा धडा १९७७च्या निकालानं सगळ्याच पक्षांना दिला. पुढचे मुख्यमंत्री त्या वाटेनं गेले नाहीत.

अर्जुनसिंह १९८० मध्ये मुख्यमंत्री झाले. माणूस मितभाषी, वाचणारा, लेखक-कलावंतांचा आश्रयदाता. १३ फेब्रुवारी १९८२ला मोठ्या तलावाच्या काठी ‘भारत भवन’ उघडलं ते त्यांच्याच काळात. देशभरचे कवी, चित्रकार, नाटकवाले भोपाळला येऊ लागले, आणि त्यांच्या मागोमाग दिल्लीचे संपादकही. मुख्यमंत्र्याबद्दल चांगलं मत व्हायला पत्रकार परिषद लागतेच असं नाही. एक चांगली संध्याकाळही पुरते.

त्याच १९८२ मध्ये, त्याच गावात, राजकुमार केसवानी नावाचा तरुण ‘रपट’ नावाचं साप्ताहिक चालवत होता. खप अगदी थोडा. युनियन कार्बाइडच्या कारखान्यात डिसेंबर १९८१ मध्ये फॉस्जीन वायूनं एक कामगार गेला. तो केसवानींच्या ओळखीचा होता. कारखान्यात नेमकं चाललंय काय, याचा छडा लावायला ते बसले. रसायनशास्त्राचं शिक्षण नाही, आत प्रवेश नाही. आतल्या माणसांशी बोलून, कागद मिळवून त्यांनी महिनोन्‌महिने घालवले. १७ सप्टेंबर १९८२ला पहिला लेख आला. मथळ्यातच शहर वाचवण्याची विनवणी होती. पाठोपाठ १ ऑक्टोबरच्या लेखात भोपाळ ज्वालामुखीच्या तोंडावर बसलंय, असं त्यांनी लिहिलं. त्यानंतर आणखी एक. मुख्यमंत्र्यांना त्यांनी पत्रही लिहिलं. त्या डिसेंबरात विधानसभेत प्रश्न निघाला तेव्हा कामगारमंत्री तारासिंह वियोगी यांचं उत्तर असं होतं की कारखान्यात २५ कोटींची गुंतवणूक आहे, तो काही दगड नव्हे की उचलून दुसरीकडे ठेवावा. जून १९८४ मध्ये केसवानींनी तीच बातमी ‘जनसत्ता’त, म्हणजे दिल्लीच्या पेपरात, पुन्हा दिली. २ डिसेंबरच्या रात्री कारखान्याच्या टाकीतून विषारी वायू सुटला.

या प्रकरणाकडे आपण दूरदृष्टीची कथा म्हणून पाहतो. मला त्यात वेगळंच दिसतं. कुणीही ‘रपट’ जप्त केला नाही, संपादकाला आत टाकलं नाही, जाहिराती रोखायलाही फारशा जाहिराती नव्हत्या. बातमी छापू दिली आणि ऐकली नाही. गावातले मोठे पेपर ती उचलणार नाहीत, एवढीच खात्री सरकारला पुरेशी होती, आणि ती खात्री खरी ठरली. आणीबाणीतल्या सेन्सॉरला रोज रात्री पानं तपासावी लागत. इथे त्या कष्टांचीही गरज उरली नाही. तुलनेला त्याच वर्षाचा महाराष्ट्र घ्या. जानेवारी १९८२ मध्ये मुख्यमंत्री अंतुले पायउतार झाले, ते अरुण शौरींनी ‘इंडियन एक्सप्रेस’मधून सिमेंटच्या वाटपाचा हिशोब मांडला म्हणून, आणि पाठोपाठ हायकोर्टानं त्यावर शिक्कामोर्तब केलं म्हणून. मुंबईत बातमीमागे साखळी पेपर होता, विरोधी पक्ष होता, कोर्ट होतं. केसवानींच्या मागे फक्त ‘रपट’ होता.

७ डिसेंबर १९८४ला युनियन कार्बाइडचा अध्यक्ष वॉरन अँडरसन भोपाळला उतरला, अटक झाला, कंपनीच्याच अतिथिगृहात ठेवला गेला आणि २५ हजारांच्या जामिनावर त्याच दिवशी सरकारी विमानानं दिल्लीला रवाना झाला. त्याला कुणी सोडलं, या प्रश्नावर अर्जुनसिंहांनी पंचवीस वर्षं मौन पाळलं. वायुकांडाच्या खटल्याच्या जून २०१०च्या निकालानंतर वाहिन्या त्यांच्या दारात बसून राहिल्या, तरी ते बोलले नाहीत; बोलले ते ऑगस्टमध्ये राज्यसभेत, पत्रकार मध्येच प्रतिप्रश्न विचारू शकणार नाहीत अशा जागी. माध्यमं हाताळण्याच्या शास्त्रात मौनाला आपण कमी लेखतो.

दिग्विजयसिंहांची दहा वर्षं (१९९३ ते २००३) गप्पांची. पत्रकारांना नावानं हाक मारणारा, फोन घेणारा मुख्यमंत्री. तरी विरोधकांनी ‘मिस्टर बंटाधार’ हे एक बिरुद चिकटवलं आणि रस्ते-विजेच्या दुर्दशेवर ते असं बसलं की दहा वर्षांच्या गप्पा वाहून गेल्या. त्यांना हरवून आलेल्या उमा भारतींचा किस्सा तर या विषयाच्या पाठ्यपुस्तकात हवा. १० नोव्हेंबर २००४, दिल्लीत भाजपच्या मुख्यालयात पदाधिकाऱ्यांची बैठक. नेते आपापसातली भांडणं माध्यमांत नेतात, याबद्दल अडवाणी कानउघाडणी करत होते. तेव्हा उमाताई उठल्या आणि म्हणाल्या, इथेच बसलेले काही जण पत्रकारांना ऑफ द रेकॉर्ड माहिती पुरवून दुसऱ्यांची बदनामी करतात. अध्यक्षांना आव्हान देऊन त्या तरातरा बाहेर पडल्या. हे सगळं कॅमेऱ्यांसमोर. ‘सूत्रांनी सांगितले’ या दोन शब्दांमागची सूत्रं कुठे बसतात, हे देशानं घरबसल्या पाहिलं. संध्याकाळपर्यंत त्या निलंबित.

मग शिवराजसिंह चौहान. मधले पंधरा महिने सोडले तर २००५ ते २०२३. पाहुणचाराची पद्धत त्यांनी जिल्ह्याजिल्ह्यापर्यंत नेली. अधिमान्य पत्रकारांना विमा, ज्येष्ठांना दरमहा सन्माननिधी. तो २०२३ मध्ये, निवडणुकीच्या तोंडावर, १० हजारांवरून २० हजार झाला. (आपल्याकडेही बाळशास्त्री जांभेकरांच्या नावानं अशीच योजना आहे, दर्पणकारांना काय वाटलं असतं कोण जाणे.) म्हातारपणी पत्रकाराच्या हाती दोन पैसे पडावेत, याला माझा विरोध नाही, मालक मंडळी काही देत नाहीत, हे सगळ्यांना ठाऊक आहे. पण त्याच जनसंपर्क खात्याचा दुसरा हिशोब २०१६ मध्ये विधानसभेतल्या एका प्रश्नाच्या उत्तरातून बाहेर आला. चार वर्षांत २३४ वृत्त-संकेतस्थळांना सुमारे १४ कोटींच्या जाहिराती. ‘इंडियन एक्सप्रेस’नं त्या यादीचा माग काढला, तर त्यातली बरीचशी पत्रकारांच्या नातेवाइकांच्या नावावर. वाचक नसलेल्या संकेतस्थळावर जाहिरात कुणासाठी असते, हे वेगळं सांगायला नको.

आणि ‘मामा’ म्हणवणारे शिवराजसिंह स्वतः कॅमेऱ्यासाठी जन्मलेले. जून २०१७ मध्ये मंदसौरला पोलीस गोळीबारात शेतकरी मेले, तेव्हा मुख्यमंत्रीच भेलच्या दसरा मैदानावर मंडप घालून उपोषणाला बसले. कुणाविरुद्ध, असा प्रश्न पडायच्या आत दुसऱ्या दिवशी उपोषण सुटलं. जुलै २०२३ मध्ये सीधीतल्या एका आदिवासी माणसाच्या अंगावर लघवी केल्याचा व्हिडिओ फिरला. पाठोपाठ त्या माणसाला मुख्यमंत्री निवासात आणलं गेलं. शिवराजसिंह खाली बसले, तो खुर्चीवर. परातीत त्याचे पाय धुतले, कपाळी टिळा, खांद्यावर शाल. त्या माणसाचा अवघडलेला चेहरा सगळ्या वाहिन्यांवर दिसला. पहिल्या व्हिडिओला उत्तर म्हणून दुसरा व्हिडिओ आला होता, मध्ये पत्रकार कुठेच नव्हता. त्या नोव्हेंबरात भाजपला २३० पैकी १६३ जागा मिळाल्या. मुख्यमंत्रिपद मात्र मोहन यादवांकडे गेलं. कॅमेरा सांभाळता आला तरी दिल्ली वेगळीच असते.

कमलनाथांचे पंधरा महिने लवकर आटोपतो. २० मार्च २०२०ला त्यांनी मुख्यमंत्री निवासात खच्चून भरलेल्या पत्रकार परिषदेत राजीनामा जाहीर केला. तिथे आलेल्या एका पत्रकाराला काही दिवसांत करोना असल्याचं निघालं आणि भोपाळची अर्धी पत्रकारिता घरात कोंडली गेली.

त्याच साथीच्या दुसऱ्या लाटेत एक अपवाद घडला. एप्रिल २०२१ मध्ये सरकारी आकडे दिवसाला मोजके मृत्यू सांगत होते. ‘दैनिक भास्कर’चे बातमीदार भदभदा विश्रामघाटावर जाऊन चिता मोजत होते. आकडे शेजारी शेजारी छापले, फोटो पहिल्या पानावर. हा काही आडवळणाचा पेपर नव्हे; भोपाळमध्येच वाढलेला, आपल्याकडे ‘दिव्य मराठी’ काढणारा, हिंदीतला सगळ्यात मोठ्यांपैकी एक. २२ जुलैला त्याच्या अनेक शहरांतल्या कचेऱ्यांवर आयकर खात्याचे छापे पडले. करचुकवेगिरीचा संशय, असं खात्याचं म्हणणं. बातम्यांची शिक्षा, असं पेपरचं. दोन्हींतलं खरं काय ते कागदपत्रं सांगतील. पण भास्कर समूहाचा वीजप्रकल्प आहे, इतरही धंदे आहेत, आणि ज्याच्याकडे पेपराशिवाय आणखी काही असतं त्याला हात लावायला जागा असतेच. केसवानींकडे तसं काहीच नव्हतं. पुढे ते स्वतःही भास्करात संपादक राहिले होते. मे २०२१ मध्ये, चिता मोजल्या जात होत्या त्याच लाटेत, ते गेले.

आता भोपाळला नवा प्रश्न पडलाय, तो मोबाइल आणि यूट्यूबवाल्यांचा. यांच्याकडे अधिमान्यता नाही, सरकारी घर नाही, विमा नाही. म्हणजे काढून घेण्यासारखंही काही नाही. एप्रिल २०२२ मध्ये सीधीत स्थानिक आमदाराविरुद्धच्या मजकुरावरून एका रंगकर्मीला अटक झाली. निषेध करायला जमलेल्यांबरोबर यूट्यूबवर बातम्या देणाऱ्या पत्रकारालाही पोलिसांनी कोतवालीत आणलं, कपडे उतरवून फक्त चड्डीवर ओळीत उभं केलं आणि फोटो काढला. तो फोटो देशभर फिरला. आरोपीनं कपड्यांनी गळफास घेऊ नये म्हणून ही खबरदारी, असं ठाणेदाराचं स्पष्टीकरण. ठाणेदार हटवला गेला. राजधानीत पाहुणचार आणि जिल्ह्यात कोतवाली, अशी ही विभागणी. आणि यूट्यूबवाले संख्येनं इतके वाढलेत की सगळ्यांना पंगतीला बसवणं जनसंपर्क खात्यालाही परवडायचं नाही.