बारा फेब्रुवारी, गार्डन रीच
लेखमाला : कायदा दारापर्यंत – भाग ६

मागच्या भागात राज्यघटनेच्या सातव्या अनुसूचीतल्या तीन याद्या पाहिल्या. केंद्राची, राज्यांची आणि दोघांची सामाईक. या वेळी केंद्राच्या यादीतली पाचवी नोंद घेऊ : शस्त्रं, बंदुका, दारूगोळा आणि स्फोटकं. नोंद एका ओळीचीच आहे. आता राज्यांची यादी उघडा. तिथे पहिलीच नोंद सार्वजनिक सुव्यवस्थेची आणि दुसरी पोलिसांची. म्हणजे बंदूक कोणी बाळगायची याचा कायदा दिल्लीत होतो, आणि बेकायदा बंदुकीसमोर उभा राहणारा पोलीस राज्याचा असतो. अमेरिकेत मुलांकडे राहून आलेली मंडळी तिथल्या केंद्रीय आणि राज्यांच्या बंदूक कायद्यांबद्दल बोलतात आणि मग विचारतात, आपल्याकडे काय? उत्तर सोपं आहे. आपल्याकडे कायदा एकच, देशभर. पण तो कुठे पोचतो आणि कुठे पोचत नाही, हे समजून घ्यायला मी तुम्हाला कोलकात्याच्या गार्डन रीचला नेणार आहे. तिथल्या दोन तारखा माझ्या डोक्यातून जात नाहीत. दोन्ही बारा फेब्रुवारी, मधे अठ्ठ्याण्णव वर्षं.

गार्डन रीच म्हणजे हुगळीच्या वळणावरची वस्ती. कंपनीच्या काळात इथे साहेबांचे बागबंगले होते. १८५६ मध्ये अवध खालसा झाल्यावर नवाब वाजिद अली शाह याच काठावरच्या मटियाबुर्जात येऊन राहिला. पुढच्या वर्षी उत्तरेत उठाव पेटला तेव्हा इंग्रजांनी त्याला उचलून फोर्ट विल्यममध्ये कोंडलं, तो काही करायच्या आधीच. आज तिथे गल्लोगल्ली शिलाई मशीन चालतात आणि नदीकडे गेलं की सरकारी गोदीत नौदलाची जहाजं बांधली जातात.

१२ फेब्रुवारी २०१३. मंगळवार. तिथल्या हरिमोहन घोष कॉलेजात विद्यार्थी संघटनेच्या निवडणुकीचे अर्ज भरायचे होते. अर्ज भरायचे, एवढंच. कॉलेजबाहेर दोन गट भिडले, बॉम्ब फुटले, आणि कोलकाता पोलिसांच्या स्पेशल ब्रँचचे उपनिरीक्षक तापस चौधरी यांना जवळून गोळी लागली. ते वाचले नाहीत. दोनच दिवसांत शहराचे पोलीस आयुक्त बदलले, तपास सीआयडीकडे गेला, राज्यभरातल्या कॉलेज निवडणुका सहा महिने पुढे ढकलल्या गेल्या. त्या आठवड्यात बंगालमध्ये चर्चा झाली ती कोण कुठल्या पक्षाचा याची. ती बंदूक गर्दीत आली कुठून, हा प्रश्न मागे पडला. मला तोच प्रश्न सगळ्यात मोठा वाटतो.

आता मागे जाऊ. १२ फेब्रुवारी १९१५. बर्ड आणि कंपनीची माणसं चार्टर्ड बँकेतून वीस हजार रुपये घेऊन गार्डन रीचच्या गिरणीकडे निघाली होती. वाटेत टॅक्सीतून काही तरुण आले, पिस्तुलं रोखली आणि अठरा हजार घेऊन निघून गेले. हे चोर नव्हते. हा जतींद्रनाथ मुखर्जींचा, म्हणजे बाघा जतीन यांचा क्रांतिकारक गट होता. या प्रकरणात पकडला गेलेला नरेंद्रनाथ भट्टाचार्य जामिनावर सुटला आणि एप्रिलमध्ये जर्मन शस्त्रं मिळवायला बटाव्हियाला निसटला. तोच पुढे मानवेंद्रनाथ रॉय झाला. तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी ज्यांच्या विचारांकडे ओढले गेले, तेच हे रॉय.

त्या महिन्यांत या गटांच्या हातात पिस्तुलं कशी आली, याची नोंद सरकारच्याच रौलट समितीच्या अहवालात आहे. २६ ऑगस्ट १९१४ला रोडा आणि कंपनी या बंदूकविक्रेत्यांचा माल कस्टममधून सोडवायचा होता. कंपनीचा कारकून श्रीशचंद्र मित्र याने २०२ पेट्या ताब्यात घेतल्या आणि गोदामात १९२ आणल्या. उरलेल्या दहा आणतो म्हणून गेला तो परतलाच नाही. एक बैलगाडी भलत्याच रस्त्याने गेली होती, आणि तिचा गाडीवान म्हणून बसला होता हरिदास दत्त हा क्रांतिकारक. पन्नास माउझर पिस्तुलं, शेहेचाळीस हजार काडतुसं. कंपनी तीन दिवस वाट पाहत बसली, मग पोलिसांत गेली. तोवर माल वाटला गेला होता. ही पिस्तुलं पुढे चोपन्न घटनांत वापरली गेली, असं तो अहवाल सांगतो. ९ सप्टेंबर १९१५ला बालासोरजवळ बाघा जतीन लढले तेही माउझर घेऊन.

आपल्याकडे याच्या पाच वर्षं आधी नाशिकला हेच घडलं होतं. लंडनहून सावरकरांनी वीस ब्राउनिंग पिस्तुलं पेटीच्या चोरकप्प्यातून धाडली आणि २१ डिसेंबर १९०९ला विजयानंद नाट्यगृहात अनंत कान्हेरेने कलेक्टर जॅक्सनवर गोळ्या झाडल्या.

या दोन्ही वेळी कायदा नव्हता असं नाही. चांगला कडक होता. लॉर्ड लिटनच्या काळातला १८७८चा शस्त्र कायदा, ज्या वर्षी देशी भाषांतल्या वर्तमानपत्रांची मुस्कटदाबी करणारा कायदा आला त्याच वर्षीचा. हिंदी माणसाला परवाना लागे, युरोपियनाला सूट होती. हा अपमान लोकांच्या इतका जिव्हारी लागला होता की काँग्रेस वर्षानुवर्षं त्याविरुद्ध ठराव करत राहिली आणि १९३१च्या कराची ठरावात शस्त्र बाळगण्याचा हक्क, नियमांच्या चौकटीत का होईना, मूलभूत हक्कांच्या यादीत आला.

मग तो घटनेत का नाही? डिसेंबर १९४८मध्ये घटना समितीत हरी विष्णू कामत यांनी ही दुरुस्ती मांडली होती, कराचीचा हवाला देऊन. कामत आयसीएस सोडून सुभाषबाबूंबरोबर गेलेले, मध्य प्रांत-वऱ्हाडातून निवडून आलेले. त्यांचं म्हणणं हलकं नव्हतं. गोऱ्यांनी नि:शस्त्र केलेल्या लोकांना स्वराज्यात तरी विश्वासाने वागवा, असा तो आग्रह होता. डॉ. आंबेडकरांनी तो मानला नाही. जो तो उठून बाजारातून हवं ते हत्यार घेऊ लागला, त्यावर शासनाचा काही अंकुश नसला, तर राज्यकारभार चालणार कसा, असा त्यांचा सवाल होता. मला इथे आंबेडकरांचं म्हणणं पटतं, आणि त्याचं कारण पुस्तकी नाही. ज्या गावात एका आळीकडे बंदुका आहेत आणि दुसऱ्या आळीकडे नाहीत, तिथे ‘सर्वांना हक्क’ म्हटल्याने बंदुका कुणाच्या घरात राहतात हे त्यांना माहीत होतं. घटनेच्या एकोणिसाव्या कलमात सभा भरवण्याचं स्वातंत्र्य आलं ते ‘शांततेने आणि विनाशस्त्र’ या शब्दांसह.

म्हणून आपल्याकडे बंदूक हा हक्क नाही, परवानगी आहे. १९५९चा शस्त्र अधिनियम १ ऑक्टोबर १९६२ला लागू झाला. कलम ३ म्हणतं, परवान्याशिवाय बंदूक किंवा काडतूस बाळगायचं नाही. कलम ५ म्हणतं, परवान्याशिवाय बनवायचं, विकायचं, दुरुस्तही करायचं नाही. एकवीस वर्षांखालच्याला बंदूक विकता येत नाही. जिच्यावर कारखान्याचं नाव आणि नंबर नाही अशी बंदूक विकता येत नाही. कायदा संसदेचा, पण परवाना जिल्हादंडाधिकारी देतो, आयुक्तालय असेल तिथे पोलीस आयुक्त, आणि तोही पोलिसांचा चौकशी अहवाल आल्यावर.

हे कलमांचं जंजाळ मला लहानपणी एका लाकडी कपाटात भेटलं. सिंधुदुर्गात आमच्या आजोळी मामाकडे बारा बोअरची एकनळी आहे, शेतीसंरक्षणाच्या परवान्यावर. कलम १३मध्ये याची खास सोय आहे हे मला फार नंतर कळलं. पीक राखायला ठासणीची बंदूक द्यावी, आणि तेवढ्याने भागत नाही असं अधिकाऱ्याला वाटलं तर गुळगुळीत नळीची दुसरी बंदूक देता येईल. दिल्लीतल्या कायद्यात रानडुकरांनी उकरलेल्या भाताची आठवण ठेवलेली आहे, ही गोष्ट मला फार भावते. मामाची काडतुसं बिस्किटांच्या जुन्या डब्यात असायची. काडतुसं आणली की दुकानदार परवान्याच्या वहीत आकडा, तारीख लिहून शिक्का मारी. बार काढला की मामा पुंगळी उचलून डब्यात टाकी आणि वहीच्या मागच्या पानावर पेन्सिलीने एक रेघ मारी. निवडणूक आली की बंदूक ठाण्यात जमा. खरं तर कुणाची बंदूक जमा करायची हे छाननी समितीने माणूस पाहून ठरवायचं असतं, पण आमच्याकडे सरसकट नोटीस येते. एका वर्षी बंदूक दोन महिन्यांनी परत मिळाली तेव्हा नळीला गंज चढला होता आणि खाचरातलं उन्हाळी भात डुकरांनी लोळवलं होतं. मामा रागावले, पण वही दाखवायला पुढच्या वेळीही गेलेच.

आता दुसऱ्या टोकाची बंदूक. मुंबईत तिला घोडा म्हणतात, आपल्या खेड्यांत गावठी कट्टा, कोलकात्यात वन शटार किंवा पाइपगान. हिला नाव नाही, नंबर नाही, वही नाही. बिहारमधलं मुंगेर हे तिचं माहेर. १७६०च्या दशकात मीर कासीमने राजधानी तिथे हलवली आणि तोफा-बंदुकांचा कारखाना घातला. कारागिरी पिढ्यान्‌पिढ्या राहिली. तिथे परवान्याचे कारखाने आहेत, आणि घराघरांत चोरून चालणाऱ्या कानशीही. कोलकात्याच्या आसपास भाड्याच्या खोल्यांत मुंगेरचे कारागीर आणून चालवलेले छुपे कारखाने पोलिसांनी वारंवार पकडले आहेत. आपल्याकडे जळगावच्या चोपडा तालुक्याला लागून मध्य प्रदेशातलं उमर्टी आहे. पुण्यात पकडलेल्या पिस्तुलाचा माग अनेकदा तिथवर जातो.

पण कट्टा नुसता असून काय कामाचा? त्यात घालायला काडतूस लागतं. लोखंडाची नळी कानशीने घडते, काडतूस तसं घडत नाही. त्याच्या बुडातली टोपी, आतली दारू, पितळेचं माप, हे सगळं कारखान्याचं काम. उत्तर भारतातल्या न्यायालयांची निकालपत्रं वाचताना एक शब्दसमूह मला पुन्हा पुन्हा भेटत राहिला : जप्त काडतुसाच्या बुडावर ‘८ एमएम केएफ’ असा ठसा. केएफ म्हणजे किर्की फॅक्टरी. आपली खडकी. पुण्याच्या खडकीतला १८६९चा दारूगोळा कारखाना. परवानाधारक शिकाऱ्याच्या .३१५ रायफलीसाठी बनलेलं काडतूस, वहीत नोंदून विकलेलं, कुठल्या तरी दुकानातून किंवा कुणाच्या तरी डब्यातून घसरतं आणि कट्ट्यात जाऊन बसतं. बंदुकीवर नंबर असतो, एकेका काडतुसावर नसतो. ते कुठल्या दुकानातून सुटलं हे बुडाकडे पाहून सांगता येत नाही.

रोडाच्या दहा पेट्या आणि हे केएफ यांत मला तीच एक गोष्ट दिसते. हत्यार कायद्याच्या रस्त्यानेच निघतं आणि हात बदलताना निसटतं. रोडाच्या तरुणांमागे देश होता, आजच्या कट्ट्यामागे दहशत आहे. हेतू जमीन-अस्मानाचे आहेत, निसटण्याची जागा मात्र तीच. १९१४मध्ये २०२ आणि १९२ यांतला फरक त्याच संध्याकाळी कोणी बोलून दाखवला असता तर तीन दिवस गेले नसते.

डिसेंबर २०१९मध्ये संसदेने हा कायदा दुरुस्त केला. एका माणसाला तीनऐवजी दोनच बंदुका. मूळ विधेयकात एकच होती, खासदारांनी हरकत घेतल्यावर दोन झाल्या. परवान्याची मुदत तीनवरून पाच वर्षं. लग्नात, मिरवणुकीत हवेत गोळी झाडून दुसऱ्याचा जीव धोक्यात घातला तर दोन वर्षांपर्यंत कैद किंवा लाखापर्यंत दंड किंवा दोन्ही. बेकायदा बनवणं-विकणं याला २०१३मध्ये तीन ते सात वर्षं होती, ती सात वर्षं ते जन्मठेप झाली. विनापरवाना साधी बंदूक बाळगण्याला एक ते तीनऐवजी दोन ते पाच. टोळ्या आणि तस्करी यांची वेगळी कलमं आली, ती यायलाच हवी होती.

शिक्षा वाढली, पण शिक्षेपर्यंत पोचायची वाट पूर्वीचीच आहे. कलम ३९प्रमाणे विनापरवाना बंदुकीचा खटला उभा करायला जिल्हादंडाधिकाऱ्याची आधी मंजुरी लागते. जप्त केलेली वस्तू खरोखर गोळी झाडू शकते, असा तज्ज्ञाचा अहवाल लागतो. पंच फिरले, सील नीट नसलं, मंजुरीच्या कागदावर हत्यार न बघताच सही झाली, की आरोपी सुटतो. ही कामं राज्याच्या पोलिसांची आणि राज्याच्या प्रयोगशाळांची. केंद्राच्या यादीतल्या पाचव्या नोंदीला इथे हात पुरत नाही. आणि कारखान्यापासून घाऊक विक्रेता, दुकान, परवान्याची वही, रिकामी पुंगळी इथपर्यंत काडतुसांचा हिशेब जुळवायचा तर तो एका राज्याच्या आवाक्यातला नाही. परवानाधारकांची देशभराची यादी संगणकावर आली, प्रत्येकाला वेगळा क्रमांक मिळाला. तशीच काडतुसांची पेटी न्‌ पेटी शेवटच्या दुकानापर्यंत मोजली जावी आणि पुंगळी परत घेतल्याशिवाय नवं काडतूस देऊ नये, अशी माझी मागणी आहे. मामा ही मोजदाद पेन्सिलीने चाळीस वर्षं करत आले आहेत.

पुढच्या भागात याच नोंदीतला शेवटचा शब्द घेऊ : स्फोटकं. त्यासाठी शिवकाशीला जायचं आहे.