वीस वर्षांचा बोजा

मुळशी तालुक्याचा पश्चिम भाग धरणाच्या पाण्याचा आणि पूर्व भाग हिंजवडी, माण, मारुंजी, भूगाव, पिरंगुट अशा झपाट्याने वाढलेल्या गावांचा असला, तरी जमीन किंवा घर गहाण ठेवून घेतलेले कर्ज हा विषय दोन्ही भागांना जुनाच आहे. टाटांच्या धरणाविरुद्ध 1921 साली मुळशी पेट्यात सत्याग्रह सुरू झाला तेव्हा तेथील अनेक जमिनी पुण्यातील सावकारांकडे गहाण होत्या किंवा त्यांच्या नावावर गेलेल्या होत्या, आणि त्यामुळे भरपाई घ्यावी की जमीन सोडू नये या प्रश्नावर जमीन कसणारा मावळा आणि त्याला कर्ज देणारा धनको यांचे हित एक राहिले नव्हते. आज त्याच तालुक्याच्या पूर्व कडेला वीस किंवा तीस वर्षांच्या मुदतीने सदनिका घेतल्या जातात. धनको आता बँक किंवा गृहवित्त संस्था असते, व्याजदर उघडपणे जाहीर केलेला असतो आणि सगळा व्यवहार कायद्याच्या चौकटीत होतो, तरीही या घराची अखेरीस किती किंमत पडणार, याचा हिशेब सही करण्यापूर्वी क्वचितच केला जातो.

जुन्या कर्जव्यवहारात ऋणकोच्या संरक्षणासाठी दामदुपटीचा नियम होता. हिंदू धर्मशास्त्रातून आलेल्या आणि मुंबई इलाख्यातील न्यायालयांनी मान्य केलेल्या या नियमानुसार थकलेल्या व्याजाची रक्कम कोणत्याही एका वेळी शिल्लक मुद्दलापेक्षा अधिक वसूल करता येत नसे. हा नियम असूनही सावकारी पाश सैल झाला नव्हता, हे पुणे जिल्ह्यातील सुपे येथे मे 1875 मध्ये उसळलेल्या दंग्याने दाखवून दिले, आणि त्यानंतर आलेल्या 1879 च्या दख्खन शेतकरी साहाय्य कायद्याने न्यायालयाला खतावरील आकड्याच्या मागे जाऊन मूळ हिशेब तपासण्याचा अधिकार दिला. खतावर लिहिलेली रक्कम म्हणजे व्यवहाराची खरी रक्कम नव्हे, हा त्या कायद्यामागचा विचार गृहकर्जाचा करारनामा वाचतानाही उपयोगी पडण्यासारखा आहे.

उदाहरणादाखल 50 लाख रुपयांचे कर्ज वार्षिक साडेआठ टक्के दराने वीस वर्षांसाठी घेतले असे मानल्यास त्याचा समान मासिक हप्ता, म्हणजे सर्वत्र ईएमआय या नावाने ओळखली जाणारी रक्कम, सुमारे 43,391 रुपये येतो आणि 240 हप्त्यांत मिळून सुमारे 1 कोटी 4 लाख रुपये भरावे लागतात, ज्यांपैकी 54 लाखांहून अधिक केवळ व्याज असते. व्याज मुद्दलाच्या पुढे गेले, तरी दामदुपटीचा जुना नियम मात्र येथे मोडत नाही, कारण तो थकलेल्या व्याजाला लागू होता आणि हप्त्याच्या पद्धतीत व्याज थकतच नाही; ते दरमहा सर्वांत आधी वसूल केले जाते.

व्याज आधी आणि मुद्दल नंतर, हा क्रमच या कर्जाचा गाभा आहे. दर महिन्याचे व्याज त्या महिन्याच्या शिल्लक कर्जावर आकारले जाते, ते हप्त्यातून वळते होते आणि उरलेल्या रकमेनेच मुद्दल कमी होते. या पद्धतीला घटत्या शिलकेची पद्धत म्हणतात. वरील उदाहरणात पहिल्या हप्त्यातील 35,417 रुपये व्याजात जातात आणि कर्ज केवळ 7,974 रुपयांनी उतरते. हप्त्यातील मुद्दलाचा वाटा व्याजाच्या वाट्याहून मोठा होण्यासाठी जवळजवळ बारा वर्षे लागतात. मुदतीचा मध्य म्हणजे दहा वर्षे पूर्ण झाली असता ऋणकोने सुमारे 52 लाख रुपये भरलेले असतात, परंतु त्याच्या नावावर अजून सुमारे 35 लाखांचे कर्ज उभे असते. निम्मे मुद्दल फिटण्यास तेरा वर्षे आणि दहा महिन्यांच्या आसपास काळ जातो. अर्धी मुदत संपली म्हणजे अर्धे कर्ज फिटले, ही समजूत त्यामुळे पुरती चुकीची ठरते, आणि दहाव्या वर्षी सदनिका विकून मोठ्या घरात जाऊ पाहणाऱ्या कुटुंबाला तिचा फटका सर्वाधिक बसतो.

शिल्लक कोणत्या अंतराने मोजली जाते, यानेही फरक पडतो. पूर्वी अनेक गृहवित्त संस्था वार्षिक शिलकेची पद्धत वापरत, ज्यात वर्षभर भरलेले मुद्दल वर्षअखेरीसच हिशेबात घेतले जाई. त्याच दराने आणि त्याच मुदतीत त्या पद्धतीने हप्ता सुमारे 44,030 रुपये, म्हणजे दरमहा 639 रुपयांनी अधिक होतो आणि वीस वर्षांत दीड लाखाहून अधिक भर पडते, तीही जाहिरातीतील व्याजदर तोच राहून.

तथापि व्याजदराच्या अर्ध्यापाव टक्क्यासाठी चार बँकांचे उंबरठे झिजवणारे कुटुंब मुदतीच्या प्रश्नावर मात्र एका वाक्यात निर्णय घेते आणि ते वाक्य बहुधा ‘हप्ता झेपतो का’ एवढेच असते. तेच 50 लाख तीस वर्षांसाठी घेतल्यास हप्ता सुमारे 38,446 रुपयांवर येतो, म्हणजे महिन्याला पाच हजारांच्या आसपास सुटका होते. पण एकूण व्याज 88 लाखांच्या पुढे जाते. उलट मुदत पंधरा वर्षांची ठेवल्यास हप्ता सुमारे 49,237 रुपये होतो आणि व्याज साडेअडतीस लाखांच्या घरात राहते. हिंजवडीतील संगणक अभियंता पस्तिसाव्या वर्षी तीस वर्षांची मुदत स्वीकारतो तेव्हा तो निवृत्तीनंतरच्या उत्पन्नावरही आजच सही करत असतो, ही बाब हप्त्याच्या आकड्यात कोठेही दिसत नाही.

आतापर्यंतचा हिशेब व्याजदर स्थिर आहे असे धरून झाला, परंतु भारतात गृहकर्जाचा दर बहुतेक वेळा तरता असतो. रिझर्व्ह बँकेच्या आदेशानुसार 1 ऑक्टोबर 2019 पासून बँकांची नवी तरत्या दराची गृहकर्जे बाह्य मानदंडाशी जोडलेली असतात. हा मानदंड बहुधा रेपो दर, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना अल्प मुदतीसाठी पैसे देते तो दर असतो आणि त्यावर बँक आपली ठरावीक वाढ लावते. मे 2020 मध्ये 4 टक्क्यांवर आलेला रेपो दर मे 2022 पासून वाढत जाऊन फेब्रुवारी 2023 मध्ये साडेसहा टक्के झाला आणि 2025 पासून पुन्हा उतरू लागला. ही अडीच टक्क्यांची वाढ कानाला लहान वाटली, तरी तिचा परिणाम मोजून पाहण्यासारखा आहे. पावणेसात टक्के दराने वीस वर्षांसाठी घेतलेल्या 50 लाखांच्या कर्जाचा हप्ता सुमारे 38,018 रुपये असतो आणि दीड वर्षानंतर सुमारे 48 लाख 13 हजार रुपये शिल्लक राहतात. त्या क्षणी दर एकदम सव्वानऊ टक्के झाला असे धरल्यास केवळ व्याजच महिन्याला सुमारे 37,100 रुपये होते आणि मुद्दल फेडण्यासाठी हप्त्यातून जेमतेम नऊशे रुपये उरतात. हप्ता तोच ठेवला तर साडेअठरा वर्षांत संपणारे कर्ज चाळीस वर्षे चालेल, आणि मुदत तीच ठेवायची झाली तर हप्ता सुमारे 7,300 रुपयांनी वाढवावा लागेल. त्या काळात पुष्कळ ऋणकोंचे हप्ते बदलले नाहीत, म्हणून त्यांना काही जाणवले नाही. वाढ झाली ती मुदतीत. म्हणूनच ऑगस्ट 2023 मध्ये रिझर्व्ह बँकेने असा आदेश काढला की, दर बदलताना हप्ता वाढवणे, मुदत वाढवणे किंवा दोन्हींचा मेळ घालणे हे पर्याय आणि मुदतपूर्व परतफेडीची मुभा ऋणकोला द्यावी आणि हप्त्यातून व्याजही भागत नाही अशी वेळ येऊ देऊ नये.

हिंजवडी, माण आणि मारुंजी परिसरात बांधकाम चालू असलेली सदनिका घेणाऱ्यांच्या बाबतीत खर्चाचा आणखी एक पदर असतो. बँक अशा वेळी बांधकामाच्या टप्प्यांप्रमाणे विकासकाला रक्कम देत जाते आणि ताबा मिळेपर्यंत ऋणकोने केवळ दिलेल्या रकमेवरील व्याज भरावे, अशी सोय ठेवते, जिला प्री-ईएमआय म्हणतात. सरासरी 25 लाख रुपये दिलेले आहेत असे मानले, तर तीन वर्षांत सहा लाखांहून अधिक रुपये असे व्याजात जातात, मुद्दल एका रुपयानेही कमी होत नाही आणि राहत्या घराचे भाडे चालूच राहते. ताबा लांबला की हा खर्च लांबतो, त्यामुळे महारेरावर, म्हणजे राज्याच्या स्थावर संपदा नियामक प्राधिकरणाकडे, नोंदलेली प्रकल्पपूर्तीची तारीख ही या हिशेबातील व्याजदराइतकीच महत्त्वाची संख्या ठरते.

हप्त्याबाहेरचा खर्चही थोडा नसतो. तीस ते पंचाहत्तर लाखांच्या कर्जासाठी बँकेला मालमत्तेच्या किमतीच्या ऐंशी टक्क्यांपर्यंतच रक्कम देता येते आणि त्या किमतीत मुद्रांक व नोंदणी शुल्क धरता येत नाही, म्हणून 50 लाखांच्या कर्जावर साडेबासष्ट लाखांची सदनिका घेणाऱ्याला साडेबारा लाख पदरचे घालून शिवाय मुद्रांक शुल्क, कमाल 30,000 रुपयांचे नोंदणी शुल्क आणि चालू बांधकाम असल्यास सामान्यतः पाच टक्के वस्तू व सेवा कर भरावा लागतो. ही तजवीज वैयक्तिक कर्ज काढून केली, तर घराच्या किमतीवर दुसऱ्या, अधिक महाग व्याजाचा थर चढतो. कर्जासोबत घ्यायला लावलेल्या विम्याचा हप्ता अनेकदा कर्जातच मिळवला जातो; दीड लाखाचा असा विमा साडेआठ टक्क्यांनी वीस वर्षांत तीन लाख बारा हजारांना पडतो. कर्जदाराच्या मृत्यूनंतर कुटुंबाचे छप्पर राखण्यासाठी विमा हवाच, पण तो कर्जात मिळवूनच घ्यावा असे बंधन नाही. प्राप्तिकरातील सवलतीचा आधारही पूर्वीइतका राहिलेला नाही, कारण जुन्या करप्रणालीत राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला दोन लाखांपर्यंतच वजावट मिळते, तर वरील कर्जाचे पहिल्या वर्षाचे व्याज सव्वाचार लाखांच्या जवळ जाते, आणि नव्या करप्रणालीत राहत्या घरासाठी ही वजावट नाहीच.

एवढे सांगितल्यावर एक दुरुस्ती करणे न्याय्य होईल, कारण एक कोटी चार लाख हा आकडाही घराची खरी किंमत नव्हे. वीस वर्षांनी भरायचा रुपया आजच्या रुपयाइतका मोलाचा नसतो. महागाई वर्षाला पाच टक्के राहील असे गृहीत धरल्यास शेवटच्या हप्त्याचे आजच्या पैशांतील मोल सुमारे 16,400 रुपये आणि सर्व हप्त्यांचे एकत्रित मोल सुमारे 66 लाख रुपये होते. एकूण व्याजाचा आकडा दाखवून ऋणकोला घाबरवणारे आणि मासिक हप्ता दाखवून त्याला निर्धास्त करणारे, दोघेही अर्धाच हिशेब सांगत असतात. परंतु महागाईचा हा दिलासा ज्याचा पगार महागाईबरोबर वाढतो त्यालाच मिळतो, आणि माहिती तंत्रज्ञान क्षेत्रातील नोकरी वीस वर्षे अखंड राहील, असे गृहीत धरणे धाडसाचे आहे.

मुदत हाच खर्चाचा मुख्य स्रोत असल्यामुळे तो कमी करण्याचा मार्गही मुदतीतूनच जातो. तरत्या दराच्या वैयक्तिक गृहकर्जावर मुदतपूर्व परतफेडीचा दंड बँकांना 2012 पासून आकारता येत नाही. दरवर्षी एक हप्ता अधिक भरल्यास वीस वर्षांचे कर्ज सुमारे सोळा वर्षे आठ महिन्यांत संपते. पहिल्या वर्षाअखेरीस भरलेले जादा दोन लाख रुपये शेवटचे एकवीस हप्ते रद्द करतात, तर तेच दोन लाख पंधराव्या वर्षाअखेरीस भरल्यास सातच्या आसपास हप्ते वाचतात. जादा रक्कम भरताना हप्ता कमी न करता मुदत कमी करावी, असे बँकेला लेखी कळवणे त्यामुळे हिताचे असते. कमी दरासाठी कर्ज दुसऱ्या बँकेकडे नेताना मुदत पुन्हा वीस वर्षांची करून घेतली, तर मिळालेला लाभ बहुधा त्यातच बुडतो.

मुळशीतील मूळ गावकऱ्यांचा प्रश्न याहून वेगळा आहे. गावठाणातील घराचे मालमत्ता पत्रक नसणे, जमीन अकृषिक नसणे किंवा गुंठ्यागुंठ्याने घेतलेल्या तुकड्याची रीतसर नोंद न होणे, अशा कारणांनी बँक गृहकर्ज नाकारते आणि घर बांधणारा पतसंस्थेकडे किंवा वैयक्तिक कर्जाकडे वळतो. दहा वर्षांच्या 10 लाखांच्या कर्जावर साडेआठऐवजी तेरा टक्के दर लागला, तर एकूण परतफेड सुमारे 14 लाख 88 हजारांवरून 17 लाख 92 हजारांवर जाते. म्हणजे तीन लाखांचा हा फरक कागद अपुरे असल्याची किंमत असतो. ड्रोनद्वारे गावठाणांची मोजणी करून मालमत्ता पत्रके देणाऱ्या स्वामित्व योजनेचा खरा अर्थ या फरकात शोधावा लागेल.

कर्ज फिटल्यानंतर तीस दिवसांत मूळ कागदपत्रे परत न केल्यास विलंबाच्या प्रत्येक दिवसाला 5,000 रुपये भरपाई देण्याचा आदेश रिझर्व्ह बँकेने सप्टेंबर 2023 मध्ये काढला असून 1 डिसेंबर 2023 पासून तो लागू आहे. कागद हाती आल्यावर सदनिकाधारकाने गृहनिर्माण संस्थेच्या दप्तरातील बँकेची नोंद काढून घ्यायची असते, आणि स्वतःच्या जमिनीवर घर बांधलेल्याने बँकेचा दाखला तलाठ्याकडे नेऊन, सातबाऱ्याच्या इतर अधिकारात चढवलेला बोजा कमी केल्याचा फेरफार मंजूर करून घ्यायचा असतो.