रात्री पिंपळही श्वास घेतो

पावसाळा लागला की वृक्षारोपणाचे कार्यक्रम सुरू होतात आणि पिंपळाच्या रोपाशेजारी ठरलेला फलक उभा राहतो : ‘पिंपळ लावा, चोवीस तास प्राणवायू मिळवा.’ मी बावीस वर्षं जीवशास्त्र शिकवते आहे आणि तेवढीच वर्षं हे वाक्य ऐकते आहे. बारावीची मुलं प्रकाशसंश्लेषणाच्या अभिक्रिया बिनचूक लिहितात, पैकीच्या पैकी गुण घेतात आणि वर्गातून बाहेर पडताना विचारतात, “मॅडम, पण पिंपळ रात्रीसुद्धा ऑक्सिजन सोडतो ना?” आपण शिकवलेलं सगळं परीक्षेपुरतंच राहिलं, असं त्या क्षणी वाटतं.

नाही, सोडत नाही. पिंपळ नाही, वड नाही, कडुनिंब नाही, तुळसही नाही. पानातल्या हरितद्रव्यावर उजेड पडला की पाण्याचे रेणू फुटतात आणि त्यातून प्राणवायू सुटतो. हा प्राणवायू कार्बन डायऑक्साइडमधून येत नाही, पाण्यातूनच येतो, हे रूबेन आणि केमन यांनी १९४१ साली प्राणवायूचा जड समस्थानिक वापरून दाखवलं. पाणी फोडायला लागणारी ऊर्जा उजेडाची असते. उजेड गेला की काम बंद. यात पिंपळाला वेगळी सवलत नाही.

उजेडाची ही गरज कळूनही आता सव्वादोनशेहून अधिक वर्षं झाली. प्रीस्टली या शास्त्रज्ञाने १७७१ साली मेणबत्ती विझलेल्या बंद भांड्यातल्या हवेत पुदिन्याची फांदी ठेवली. काही दिवसांनी त्याच हवेत मेणबत्ती पुन्हा पेटली. पण हा प्रयोग कधी जमायचा, कधी फसायचा. तो का फसतो ते यान इंगेनहाउस या डच वैद्याने शोधलं. एका उन्हाळ्यात पाचशेहून अधिक प्रयोग करून त्याने १७७९ साली पुस्तक छापलं. त्यात स्वच्छ लिहिलं की हवा सुधारतात ते झाडाचे हिरवे भाग, तेही उन्हात. रात्री वनस्पती आपल्यासारखीच हवा दूषित करतात.

शाळेत असाच एक प्रयोग आजही होतो. चंचुपात्रात पाणी घ्या, त्यात हायड्रिलाच्या काड्या ठेवून वर उलटं नरसाळं आणि पाण्याने भरलेली परीक्षानळी बसवा. उन्हात ठेवलं की काडीच्या तुटक्या टोकातून बुडबुड्यांची माळ निघते. वरून काळा कपडा टाका. माळ विरळ होते, मग एकेक बुडबुडा येतो, मग काहीच नाही. कपडा काढा, माळ पुन्हा सुरू. पाचवीतलं मूलही हे पाहून गप्प होतं.

मग पिंपळाची गोष्ट आली कुठून? माझ्या मते एका खऱ्या गोष्टीच्या अर्धवट वाचनातून. काही वनस्पती रात्री पर्णरंध्रं उघडतात. कोरफड, घायपात, अननस, फड्या निवडुंग, पानफुटी या त्यातल्या. दिवसा रंध्रं उघडली तर पाणी उडून जाईल, म्हणून त्या रात्री कार्बन डायऑक्साइड आत घेतात आणि आम्लाच्या रूपात साठवतात. बेंजामिन हाइन या वनस्पतिशास्त्रज्ञाने भारतात असताना पानफुटीचं पान चाखून पाहिलं होतं : सकाळी आंबट, दुपारी बेचव. त्याची ही नोंद १८१५ साली लंडनच्या लिनियन सोसायटीच्या अंकात छापून आली. रात्री साठलेलं आम्ल दिवसा वापरून संपतं, म्हणून चव जाते. पण नीट पाहा. रात्री ही झाडं कार्बन डायऑक्साइड आत घेतात. प्राणवायू तयार होतो तो दिवसा, उजेडातच. ‘रात्री कार्बन डायऑक्साइड घेतात’ याचं कुणीतरी ‘रात्री प्राणवायू देतात’ केलं आणि ते पिंपळाच्या नावावर लावून दिलं.

“असेना का, लोक त्या निमित्ताने झाड लावतात ना?” असं मला सांगितलं जातं. हा युक्तिवाद मला मान्य नाही. २०२१ मध्ये कोविडच्या दुसऱ्या लाटेत प्राणवायूचे सिलिंडर मिळेनात, तेव्हा उत्तर प्रदेशातल्या एका गावात धाप लागलेली माणसं पिंपळाखाली जाऊन पडल्याच्या बातम्या आल्या होत्या. त्यांना दोष देणार नाही. त्यांना दवाखाना मिळत नव्हता. पण पिंपळाखालच्या हवेत प्राणवायू साधारण २१ टक्के असतो आणि शेजारच्या उघड्या माळावरही तेवढाच असतो. बिघाड हवेत नव्हता, फुप्फुसांत होता. सुजलेल्या वायुकोशांतून रक्तात पुरेसा प्राणवायू जात नव्हता, म्हणून तर सिलिंडरमधून तो जास्त प्रमाणात द्यावा लागत होता.

घरातल्या कुंडीचा हिशेबही करून टाकू. दहा बाय दहाची, दहा फूट उंच खोली घ्या. तिच्यात सुमारे २८,००० लिटर हवा मावते, म्हणजे जवळपास ६,००० लिटर प्राणवायू. स्वस्थ पडलेल्या माणसाला मिनिटाला पाव लिटर लागतो, आठ तासांच्या झोपेला १२० लिटर. एक चौरस मीटर पानं चांगल्या उन्हात तासाला फार तर लिटर-दोन लिटर प्राणवायू देतात आणि रात्री उलट घेतात. उशाशी ठेवलेल्या कुंडीने यात काय फरक पडणार?

खरा घोटाळा याच्याही मुळाशी आहे. प्रकाशसंश्लेषण म्हणजे झाडाचा श्वास, असं बहुतेकांच्या डोक्यात पक्कं बसलेलं असतं. माणूस प्राणवायू घेतो आणि कार्बन डायऑक्साइड सोडतो, झाड नेमकं उलटं करतं, असं लहानपणी शिकवलं जातं आणि ते जन्मभर पुरतं. प्रकाशसंश्लेषण हा झाडाचा स्वयंपाक आहे. श्वसन वेगळं, आणि ते आपल्यासारखंच. झाडाच्या जिवंत पेशींत तंतुकणिका असतात. त्या प्राणवायू वापरून साखरेतली ऊर्जा मोकळी करतात आणि कार्बन डायऑक्साइड बाहेर टाकतात. हे दिवसाही चालतं, रात्रीही चालतं. दिवसा स्वयंपाक इतका जोरात असतो की श्वसन झाकलं जातं, एवढंच.

पुरावा स्वयंपाकघरातच आहे. मोड आणायला फडक्यात बांधलेल्या मटकीत बोटं घाला. ती कोमट लागते. ती ऊब श्वसनाची. तीच मटकी बंद बरणीत ठेवून आतली हवा नळीने चुन्याच्या निवळीत सोडली तर निवळी दुधाळ होते, आपण फुंकर घातल्यावर होते तशीच.

एवढं कळलं की बाकीचे गैरसमज आपोआप गळतात. रात्री झाडाखाली झोपलं तर कार्बन डायऑक्साइडने माणूस गुदमरतो, हे चुकीचं : शेजारी झोपलेला माणूस झाडाच्या फांदीपेक्षा कितीतरी जास्त सोडतो. पिंपळ रात्री प्राणवायू देतो आणि झाडाखाली झोपू नये, ही दोन्ही वाक्यं एकाच माणसाच्या तोंडून मी ऐकली आहेत. तुळस ओझोन सोडत नाही. जमिनीलगतचा ओझोन फुप्फुसांना आणि पानांनाही घातक असतो. तुळशीला अंगणात मान आहे तो असल्या प्रमाणपत्रामुळे नाही. रोपवाटिकेत ‘ऑक्सिजन प्लांट’ म्हणून विकलं जाणारं स्नेक प्लांट हवा शुद्ध करतं, याला नासाच्या १९८९ च्या अभ्यासाचा दाखला देतात. तो अभ्यास छोट्या बंद पेट्यांतला होता, आणि तोही प्राणवायूचा नव्हे, हवेतल्या काही रसायनांचा. २०१९ साली कमिंग्ज आणि वॉरिंग यांनी असे जुने प्रयोग एकत्र तपासले, तेव्हा इमारतीत एरवी खेळणाऱ्या हवेची बरोबरी करायला दर चौरस मीटर जमिनीमागे १० ते १,००० कुंड्या लागतील, असं निघालं. खिडकी उघडा. ॲमेझॉनचं जंगल जगाला २० टक्के प्राणवायू पुरवत नाही. ते जवळजवळ तेवढाच स्वतः वापरतं. गाय श्वासातून प्राणवायू सोडते यात विशेष काही नाही, कारण माणसाच्याही उच्छ्वासात तो १६ टक्क्यांच्या आसपास असतो. दोघंही घेतात त्याहून कमीच सोडतात.

पिंपळाबद्दल सांगण्यासारखं खरं खूप आहे. त्याच्या फळांवर मैना, तांबट, हरियाल, वटवाघळं जगतात. त्याचं परागीभवन मुंगीहून लहान अशा एका ठरावीक कीटकावर अवलंबून आहे. भिंतीच्या फटीत पडलेल्या एका बीपासून तो उभा राहतो. फलकावर हे लिहा.

आणि एक काम करा. रोप मोठं झालं की आपण हौसेने त्याच्या बुंध्यापर्यंत काँक्रीट ओततो, पेव्हर ब्लॉक बसवतो, फरशीचा पार बांधतो. मुळंही श्वास घेतात आणि त्यांना हवा मिळते ती मातीच्या कणांमधल्या पोकळ्यांतून. कुंडीत पाणी साचून झाड मरतं तेही याचमुळे : मुळं गुदमरतात. राष्ट्रीय हरित लवादाने २०१३ साली दिल्लीतल्या झाडांभोवतीचं एक मीटरपर्यंतचं काँक्रीट काढायला सांगितलं होतं. तुमच्या सोसायटीतल्या, देवळासमोरच्या पिंपळाभोवती मीटरभर माती उघडी आहे का, तेवढं जाऊन बघा. नसेल तर ते काँक्रीट फोडायला लावा.