खिडक्यांचा बंदोबस्त

ऑक्टोबर २०२५ मध्ये उबुंटू लिनक्सच्या नव्या आवृत्तीने ग्नोम या डेस्कटॉपचे, पडद्यावर खिडक्या उमटवणाऱ्या एक्स११ या जुन्या व्यवस्थेवर चालणारे सत्र काढून टाकले, हे वृत्त दीपनगरच्या वसाहतीत वाचले तेव्हा, पडद्यावरील खिडक्या आपोआप मांडून देणाऱ्या ज्या विंडो मॅनेजरांच्या सोबतीने माझे एक दशक गेले, त्यांचा एक्स११चा आश्रयच आता उठत चालला, या जाणिवेने मन विषण्ण झाले.

पूर्वेतिहास थोडका आहे. १९८५ च्या पहिल्या विंडोजमध्ये खिडक्या शेजारी शेजारी बसत. १९८७ च्या दुसऱ्या आवृत्तीत त्या एकमेकींना झाकू लागल्या, आणि पुढे बहुतेकांनी तीच रीत स्वाभाविक मानली.

माझे दशक २००९ ते २०१९ चे. दीपनगरच्या औष्णिक वीज केंद्रात ५०० मेगावॉटचे दोन संच उभे राहत होते, आणि मी त्यांच्या कागदपत्रांच्या भाषांतरासाठी डावीकडे मूळ दस्तऐवज, उजवीकडे मराठी मसुदा व त्याखाली शब्दकोश अशी तजवीज माउसने पुनःपुन्हा करून थकलो होतो. २००६ साली अवतरलेल्या डीडब्ल्यूएम या विंडो मॅनेजरने तो शीण हरण केला: मुख्य खिडकी एका बाजूस, उरलेल्या दुसऱ्या बाजूस, आणि सारा कारभार आज्ञावलीच्या सुमारे दोन हजार ओळींच्या मर्यादेत. परंतु २०१५ मध्ये त्याने स्वीकारलेली एक्सएफटी ही व्यवस्था अक्षरे रेखते, जोडत नाही. म्हणून वरच्या पट्टीत ‘विद्युत’ची वेलांटी ‘व’च्या मागाहून येई आणि जोडाक्षर फुटे. संक्षेप हाच परम सद्गुण मानणाऱ्यांशी मी तेव्हा वाद घातला, आणि आजही माझे मत तेच आहे की, ज्या संक्षेपात आपली लिपी मावत नाही, तो अपुरेपणा होय.

मिखाएल स्टापेलबर्ग यांच्या आय३ या विंडो मॅनेजरमध्ये अक्षरे जोडणाऱ्या पँगोची सोय असल्याने तेथे मराठी शीर्षके शुद्ध उमटली, आणि सगळा बंदोबस्त एका साध्या मजकुराच्या फायलीत राहिला. तीच फाईल, किरकोळ फेरफारांनिशी, एक्स११ची जागा घेणाऱ्या वेलँडवरील स्वे या विंडो मॅनेजरने मान्य केली; स्वेची १.० आवृत्ती २०१९ मध्ये आली. डीडब्ल्यूएम मात्र एक्स११शीच बांधलेले राहिले, याचे दुःख आहे.

नव्याने निवड करणाऱ्यांना माझी विनंती एवढीच, की वेग आणि लौकिक यांची चौकशी करण्यापूर्वी आपल्या भाषेतील एका फायलीचे नाव पट्टीवर उमटवून पाहावे, आणि मांडणीची फाईल आपल्या दप्तरी जपून ठेवावी.