गटाच्या गाडीची बॅटरी सारखी का उतरते?

ताई, तुमच्या गटाची किंवा घरातली जुनी व्हॅन सकाळी सुरू होईना गेली की पहिलं वाक्य ठरलेलं असतं, "बॅटरी गेली." मग कुणीतरी धक्का मारतं, गाडी अहमदपूरला जाते, नवी बॅटरी बसते आणि गटाच्या खात्यातून पैसे निघतात. सहा महिन्यांनी पुन्हा तेच. आपल्याच भागातल्या एका गटानं वर्षभरात दोन बॅटऱ्या बसवल्या आणि तिसरीसाठी बैठकीत ठराव मांडला. तेव्हा एका काकूंनी विचारलं, "टाकी सारखी रिकामी व्हायली म्हणून कुणी टाकी बदलतं का? आधी मोटार बघत नाही का?"

प्रश्न अगदी बरोबर होता. बॅटरी ही टाकी. ती भरणारी मोटार म्हणजे अल्टरनेटर. गॅरेजवर त्याला बहुतेक जण अजून 'डायनामो'च म्हणतात, तेव्हा तुम्हीही तसंच विचारा, काही बिघडत नाही. गाडी सुरू करताना स्टार्टर बॅटरीतून वीज ओढतो. एकदा इंजिन सुरू झालं की लाईट, हॉर्न, वायपर, पंखा ही सगळी कामं अल्टरनेटर करतो आणि वर बॅटरी पुन्हा भरतो. तो बंद पडला की गाडी टाकीतल्या उरलेल्या पाण्यावर चालते. किती वेळ चालेल ते लाईट किती लावले त्यावर.

हे कळणं आपल्याला का गरजेचं आहे? २०१७ पासून आजीविका ग्रामीण एक्सप्रेस योजनेतून गटाच्या सभासद गाड्या चालवतात. शिवाय कितीतरी जणींनी गटाच्या कर्जातून जुनी ओम्नी, मॅजिक किंवा छोटा हत्ती घेतलाय. मारुतीनं ओम्नी बनवणं २०१९ मध्ये थांबवलं, म्हणजे आज जी ओम्नी रस्त्यावर दिसते ती जुनीच. गाडी घरातला मुलगा नाहीतर ड्रायव्हर चालवतो, पण हप्ता आपल्या नावावर असतो आणि गॅरेजचं बिल पण आपल्याकडेच येतं. माळेगावच्या यात्रेचा स्टॉल आवरून रात्री लोह्याकडून येताना हेडलाईट मंद होत गेले, तर गाडीत आपणच बसलेलो असतो.

आधी तपासणी. त्यासाठी मल्टिमीटर लागतो. इलेक्ट्रिकच्या दुकानात काही शे रुपयांत मिळतो आणि एका संघात एक असला तरी पुरतो. मीटर डीसी व्होल्टवर २० च्या खुणेला लावायचा. लाल काडी बॅटरीच्या प्लसला, काळी मायनसला. रात्रभर उभ्या असलेल्या गाडीची बॅटरी भरलेली असेल तर १२.६ च्या आसपास आकडा येतो. १२ च्या खाली आला तर ती जवळजवळ रिकामी आहे. आता गाडी सुरू करा, ॲक्सिलेटर थोडा दाबून धरायला सांगा आणि पुन्हा बघा. आकडा १३.८ ते १४.५ च्या दरम्यान गेला पाहिजे. गेला तर अल्टरनेटर भरतोय. मग हेडलाईट आणि पंखा लावूनही बघा, आकडा १३ च्या वर टिकायला हवा. गाडी सुरू होऊनही आकडा १२ च्या आसपासच राहिला आणि हळूहळू उतरत गेला, तर भरणं बंद आहे. तिथं नवी बॅटरी घालणं म्हणजे फुटक्या हंड्यात पाणी ओतणं. आणि आकडा १५ च्या वर गेला तर उलटी गडबड आहे, अल्टरनेटर प्रमाणाबाहेर भरतोय. अशा गाडीत बॅटरीचं पाणी सारखं आटतं, ॲसिडचा वास येतो, बल्ब उडतात. आपल्याकडे उन्हाळ्यात तसंही पाणी लवकर आटतं, म्हणून लोक उन्हाला दोष देतात आणि खरं दुखणं तसंच राहतं.

मीटर नसेल तर डॅशबोर्डवरचा बॅटरीच्या चित्राचा लाल दिवा बघा. चावी फिरवली, पण इंजिन सुरू केलं नाही, तेव्हा तो लागलाच पाहिजे. इंजिन सुरू झालं की विझला पाहिजे. चालत्या गाडीत तो लागून राहिला तर भरणं बंद झालंय हे सगळ्यांना कळतं. पण चावी फिरवल्यावर तो लागतच नाही, याकडे कुणी लक्ष देत नाही. उलट "दिवा लागत नाही म्हणजे सगळं नीट आहे" असं वाटतं. बऱ्याच जुन्या अल्टरनेटरना जागं होण्यासाठी लागणारी सुरुवातीची थोडी वीज याच दिव्यातून मिळते. दिवा उडाला तर अल्टरनेटर धडधाकट असूनही भरायला सुरुवात करत नाही. एका बल्बपायी आख्खा अल्टरनेटर बदलला जाऊ शकतो.

आता हे आत काय चालतं ते थोडक्यात, कारण बिल वाचायला ते उपयोगी पडतं. इंजिनचा बेल्ट अल्टरनेटरची पुली फिरवतो. आत एक लोहचुंबक फिरतं, ते विजेवर चालणारं असतं. त्याला वीज पोचवतात दोन छोटे कार्बन, मिक्सरच्या मोटारीत असतात तसे, आणि तसेच ते झिजतात. चुंबकाभोवती तांब्याच्या तारेची कॉईल असते, तिच्यात वीज तयार होते. ही वीज घरातल्या लाईटसारखी उलटसुलट वाहणारी असते, पण बॅटरीला एकाच दिशेची लागते. ते काम डायोड प्लेट करते. विहिरीवरच्या मोटारीचा फूटवॉल्व्ह, आपण ज्याला फुटबॉल म्हणतो, तो जसा वर चढलेलं पाणी खाली जाऊ देत नाही, तसाच डायोड. तो खराब झाला की उभ्या गाडीतही बॅटरीतली वीज उलटी अल्टरनेटरमध्ये झिरपते. रात्री ठणठणीत लावलेली गाडी सकाळी मेलेली, यामागचं एक कारण हे असतं. शंका असेल तर रात्री गाडी बंद करून बॅटरीची मायनसची वायर काढून ठेवा. सकाळी जोडल्यावर गाडी झटकन सुरू झाली, तर बॅटरी चांगली आहे आणि गाडीतलंच काहीतरी ती पीत आहे. शेवटचा भाग रेग्युलेटर, गॅरेजवर त्याला कटआउट म्हणतात. किती भरायचं ते तो ठरवतो. खूप जुन्या गाड्यांत तो बाहेर वेगळ्या डबीत असतो, नंतरच्यांत अल्टरनेटरच्या आतच.

म्हणजे कार्बन, बेअरिंग, डायोड प्लेट, कटआउट हे सगळे सुटे भाग आहेत आणि बहुतेक गाड्यांचे वेगवेगळे मिळतात. कार्बनचा खर्च नव्या अल्टरनेटरपुढे किरकोळ असतो. म्हणून "अल्टरनेटर गेला" एवढ्यावर होकार देऊ नका. "आतलं काय गेलं, दाखवा" म्हणा. कॉईल जळालेली असेल तर जळका वास येतो आणि तार काळी पडलेली डोळ्यांना दिसते. तेव्हा मात्र पूर्ण बदलणं किंवा चांगल्या कारागिराकडून भरून घेणं, एवढेच मार्ग उरतात.

पण खोलायच्या आधी वायरी आणि बेल्ट बघा. माझं मत असं की जुन्या गाडीत अर्धी दुखणी इथंच सापडतात. बॅटरीच्या टोकांवर पांढरा-हिरवा क्षार साठला असेल तर गाडी बंद करून, वायरी काढून, खाण्याच्या सोड्याच्या पाण्यानं आणि जुन्या ब्रशनं घासा. ते पाणी बॅटरीच्या आत जाऊ देऊ नका. बेल्ट गुळगुळीत होऊन चमकत असेल, चिरा पडल्या असतील किंवा सुरू करताना किंचाळत असेल, तर तो घसरतोय. दोन पुलींच्या मधोमध अंगठ्यानं दाबल्यावर साधारण एक सेंटिमीटर दबला की ताण ठीक.

अल्टरनेटरला वायरी मोजक्याच असतात. एक जाड, नटानं आवळलेली, बहुतेक वेळा रबरी टोपीखाली. तिथं इंग्रजी 'बी' असतं. ती सरळ बॅटरीच्या प्लसकडे जाते. बारीक दोन वायरी एका सॉकेटमध्ये असतात. 'आयजी' चावीकडून येते आणि 'एल' त्या लाल दिव्याकडे जाते. मायनससाठी बहुधा वेगळी वायर नसतेच, अल्टरनेटरचं अंग इंजिनला आवळलेलं असतं तोच त्याचा मायनस. म्हणून इंजिनवरून बॉडीला जाणारी अर्थिंगची पट्टी गंजली की नवा अल्टरनेटरसुद्धा नीट भरत नाही. तपासायचं असेल तर गाडी सुरू ठेवून, लाईट लावून, मीटरची एक काडी अल्टरनेटरच्या 'बी' नटावर आणि दुसरी बॅटरीच्या प्लसवर ठेवा. आकडा शून्याजवळ हवा. अर्धा व्होल्ट किंवा जास्त आला तर त्या वायरीत नाहीतर जोडावर वीज अडतेय. तसंच अल्टरनेटरचं अंग आणि बॅटरीचा मायनस यांच्यामध्येही बघा.

हे करताना पदर किंवा ओढणी कमरेला घट्ट खोचा आणि केस बांधा. चालत्या बेल्टनं ओढणी धरली तर सोडवायला वेळ मिळत नाही. धातूच्या बांगड्या, अंगठी, लांब मंगळसूत्र काढून ठेवा. १२ व्होल्टचा शॉक लागत नाही हे खरं, पण बॅटरीचा प्लस आणि गाडीची बॉडी यांच्यामध्ये अंगठी सापडली तर ती क्षणात लालभडक होते.

बदलायचं काम मेकॅनिकलाच करू द्या, पण शेजारी उभ्या राहा. वायरी काढण्याआधी मोबाईलवर फोटो काढा. सगळ्यात आधी बॅटरीची मायनस सुटली पाहिजे आणि सगळ्यात शेवटी तीच जोडली गेली पाहिजे. जाड वायर चावी बंद असतानाही जिवंत असते. पाना तिच्यावरून बॉडीला टेकला तर ठिणग्या उडतात, आणि ओम्नीसारख्या गाडीत इंजिन पुढच्या सीटखाली, पेट्रोलच्या नळ्यांजवळ असतं. मग ताणाचा बोल्ट ढिला करून बेल्ट उतरवायचा, खालचा लांब बोल्ट काढायचा, अल्टरनेटर बाहेर. नवा आणि जुना शेजारी ठेवून बघा: पुली तीच आहे का, बोल्टचे कान जुळतात का, सॉकेट तेच आहे का, पट्टीवर अँपियर तेवढेच आहेत का.

अँपियरचं थोडं सांगते. ५५ वॅटचे दोन हेडलाईट मिळून साधारण ८-९ अँपियर खातात. त्यात पंखा, वायपर, मागचे दिवे. भाजीच्या गाडीवर भोंगा आणि जादा लाईट बसवले की बोजा वाढतो, आणि उभ्या गाडीत इंजिन हळू चालताना अल्टरनेटर पट्टीवरच्या आकड्यापेक्षा खूप कमी देतो. म्हणून बाजारात दिवसभर उभी असलेली गाडी संध्याकाळी दगा देते. कुणी म्हणेल, मोठ्या अँपियरचा घाला. चालेल, पण मग जाड वायरसुद्धा त्या मापाची जाड घालावी लागते. जुनी बारीक वायर तापते, तिचं आवरण वितळतं आणि आग लागू शकते.

आणखी एक. सुरू गाडीत बॅटरीची वायर काढून "बघा, गाडी चालूच आहे, म्हणजे डायनामो चांगला" ही परीक्षा कुणाला करू देऊ नका. खऱ्या डायनामोच्या काळातली ती सवय आहे. अल्टरनेटरमध्ये त्या क्षणी व्होल्ट एकदम उसळतात आणि चांगले डायोड जळतात. दुसऱ्या गाडीवरून केबल लावतानाही प्लसला प्लस, मायनसला मायनस. उलटं लागलं तर डायोड गेलेच समजा.

रस्त्यातच लाल दिवा लागला तर आधी इंजिनच्या तापमानाचा काटा बघायला सांगा. बऱ्याच जुन्या गाड्यांत तोच बेल्ट पाण्याचा पंपही फिरवतो. काटा चढत असेल तर बेल्ट तुटलाय, गाडी तिथंच बाजूला घ्या, नाहीतर इंजिनचं काम निघेल. काटा जागेवर असेल तर पंखा, टेप, जादा लाईट बंद करा, पण इंजिन बंद करू नका, कारण पुन्हा सुरू होणार नाही. दिवस असेल तर जवळच्या गावापर्यंत, किनगाव म्हणा, शिरूर ताजबंद म्हणा, गाडी पोचते. रात्री मात्र हेडलाईट मंद व्हायच्या आत पेट्रोल पंप किंवा ढाबा बघून थांबा. पेट्रोलच्या गाडीला ठिणगीसाठीही बॅटरी लागते, ती मध्येच बंद पडेल. राष्ट्रीय महामार्ग ३६१ वर बिनलाईटची गाडी उभी ठेवणं ट्रकवाल्यांच्या भरवशावर सोडण्यासारखं नाही.

काम झाल्यावर पैसे द्यायच्या आधी तिथंच मीटर लावा: बंद गाडीचा आकडा, सुरू गाडीचा आकडा, लाईट लावून आकडा. तिन्ही बिलाच्या मागे लिहून घ्या. बिलात 'इलेक्ट्रिक काम' असं मोघम न लिहिता भागाचं नाव लिहायला सांगा, आणि नवा भाग असेल तर वॉरंटीचं कार्ड मागा. नवा बेल्ट पहिल्या काही दिवसांत थोडा सैल होतो, आठवड्यानं ताण पुन्हा बघून घ्या. बदललेला जुना अल्टरनेटर दुकानात ठेवून येऊ नका, त्यात तांबं असतं आणि त्याचे पैसे बिलातून वजा करून मिळू शकतात. जुन्या बॅटरीचंही तसंच.

पुढच्या मासिक बैठकीला मी मीटर घेऊन येणार आहे. ज्यांच्याकडे गाडी आहे त्यांनी ती घेऊनच या आणि रात्रभर उभी असलेली आणा, म्हणजे पहिला आकडा खरा मिळेल. मागच्या दोन वर्षांत बॅटरीवर जो खर्च झाला त्याची बिलंही सोबत असू द्या.